पायडल आपलं, जोर दोघांचा: ई-सायकलवरून पन्हाळा

"मोटर हाय म्हटल्यावर पायडल कशाला मारायचं?" कोल्हापुरात रंकाळ्यावर सकाळी फिरायला येणाऱ्या एका काकांनी माझी सायकल न्याहाळत विचारलं. मी उत्तर जुळवेपर्यंत त्यांचा दुसरा प्रश्न आला: "आणि पायडलच मारायचं तर मोटर कशाला?"

दोन्ही प्रश्न रास्त आहेत. गेली काही वर्षं मित्र, पाहुणे, पाहुण्यांचे पाहुणे अशा मंडळींना मी ई-सायकलवरून पन्हाळ्याला नेतो आणि गड दाखवतो. प्रत्येक वेळी सुरुवात याच दोन प्रश्नांनी होते. उत्तर एका वाक्यात सांगितलं तर पटत नाही, म्हणून जरा ऐसपैस सांगतो.

आधी नावाचा घोळ मिटवू. आपल्याकडे बाईक म्हणजे किक किंवा स्टार्टर मारायची गाडी. त्यामुळे ई-बाईक म्हटलं की लोकांना बॅटरीची स्कूटर आठवते. इथे विषय सायकलचा आहे. पायडल, चेन, गिअर सगळं नेहमीचं, फक्त चाकात किंवा पायडलजवळ एक छोटी मोटर आणि दांड्यावर बॅटरी. कायदाही या दोन गोष्टी वेगळ्या धरतो. केंद्रीय मोटार वाहन नियमांनुसार मोटरची ताकद ०.२५ किलोवॉट म्हणजे २५० वॉटपेक्षा कमी असेल, ताशी २५ किलोमीटरला पोचेपर्यंत तिची मदत कमी होत जाऊन बंद पडत असेल, पायडल थांबवलं की मोटरही थांबत असेल आणि बॅटरी सोडून वजन ६० किलोच्या आत असेल, तर ती सायकलच. नंबर प्लेट नाही, लायसन्स नाही. त्यापुढची ताकद असलेली गाडी मोटार वाहन ठरते, मग ती दिसायला कितीही सायकलसारखी असो. भाड्याने सायकल घेताना "ही ताशी चाळीसनं पळते" असं कोणी फुशारकीने सांगितलं तर खुश होऊ नका. नोंदणी आणि विम्याचा प्रश्न तिथेच उभा राहतो.

आता काकांच्या प्रश्नांकडे.

घाटात साधी सायकल नेलेल्या प्रत्येकाला आठवत असेल, की एका टप्प्यावर आपण उतरतो आणि सायकल ढकलायला लागतो. पाय अजून चालत असतात, तरी उतरतो. का? दर शंभर मीटरला सात मीटर चढणारा रस्ता धरा. माणूस, सायकल आणि पिशवी मिळून १०० किलो. अशा चढावर ताशी १० किलोमीटरने जायला साधारण २१० वॉट ताकद लागते. रोज व्यायाम न करणारा, पण धडधाकट माणूस तासभर न थांबता देऊ शकतो ती ७०-८० वॉट. तेवढ्या ताकदीत त्याचा वेग होतो ताशी चार किलोमीटर, म्हणजे चालण्याइतका. आणि ताशी चार किलोमीटरला सायकल सरळ उभी राहत नाही, हँडल डगमगायला लागतं. दम संपायच्या आधी तोल जातो, म्हणून आपण उतरतो.

ई-सायकलची मोटर हा मधला खड्डा भरते. तुमचे ७०-८०, तिचे सव्वाशे-दीडशे. सायकल ताशी आठ-दहाच्या चालीवर येते, तोल राहतो, घाम येतो पण धाप लागत नाही. बोलता येतं. ही बोलता येण्याची गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिचं काम आहे.

मग सगळाच भार मोटरवर का टाकायचा नाही? कारण बॅटरी ही शिदोरी आहे. घरून बांधून घेतली तेवढीच.

त्या शिदोरीचा हिशोब एकदा तरी मांडून बघावा, फार अवघड नाही. पन्हाळा आजूबाजूच्या सपाटीपासून सुमारे ४०० मीटर उंच आहे. १०० किलो वजन ४०० मीटर वर उचलायला ३ लाख ९२ हजार जूल लागतात. जूल हा शब्द शाळेत सोडून आलेल्यांसाठी: ३,६०० जूल म्हणजे एक वॉट-तास. म्हणजे सुमारे १०९ वॉट-तास. मोटर आणि तारा गरम होण्यात काही वाया जातं, तेव्हा बॅटरीतून जातात १४० च्या आसपास. हा झाला फक्त चढ. त्याआधी कोल्हापूर ते घाटाचा पायथा हा पंधराएक किलोमीटरचा बराचसा सपाट रस्ता आहे. सपाटीवर किलोमीटरला सहा-आठ वॉट-तास धरले तर तिथे आणखी शंभरएक. बेरीज अडीचशेच्या घरात.

आता बॅटरीवर काय लिहिलंय ते बघा. ३६ व्होल्ट आणि १० अँपिअर-तास असं लिहिलेलं असतं. दोन आकड्यांचा गुणाकार करा: ३६० वॉट-तास. सायकल घेताना हा एकच गुणाकार आला तरी दुकानदाराच्या निम्म्या बोलण्याची गरज राहत नाही. ३६० मधले २५० जाताना गेले, वर गडावर हिंडायचंय, आणि येताना उतार फुकट असला तरी पुढची सपाटी फुकट नाही. म्हणजे सगळं मोटरवर सोडलं तर घरी पोचता पोचता बॅटरी तळाला. ७.५ अँपिअर-तासाची छोटी बॅटरी असेल तर २७० वॉट-तास. ती गडावरच हात टेकते. तीच तुम्ही निम्मा भार उचललात तर मोठ्या बॅटरीत संध्याकाळपर्यंत निवांत. म्हणून पायडल मारायचं, काका.

विजेच्या बिलाच्या भाषेत सांगायचं तर ३६० वॉट-तास म्हणजे एका युनिटच्या तिसऱ्या हिश्श्याहून थोडं जास्त. पन्हाळ्याला जाऊन येण्याचा विजेचा खर्च कटिंग चहापेक्षा कमी. पायांचा खर्च मात्र महाग: आपलं शरीर खाल्लेल्या ऊर्जेचा पाव भागच काय तो कामात उतरवतं, बाकीची घामाच्या वाटेने जाते. ४०० मीटर चढायला, मोटर नसेल तर, चारशेच्या आसपास कॅलरी लागतात. मिसळीचा हिशोब ज्याचा त्याने करावा.

मोटरला कसं कळतं?

सगळ्या ई-सायकली सारखी मदत करत नाहीत, आणि घाटात हा फरक फार जाणवतो. स्वस्त सायकलीत पायडल फिरतंय की नाही एवढंच ओळखणारा सेन्सर असतो. पायडल फिरलं की मोटर चालू, थांबलं की बंद. तुम्ही जोर लावताय की नुसते पाय फिरवताय, त्याला घेणं नाही. त्यात चालू व्हायला अर्धा-एक सेकंद उशीर. सपाट रस्त्यावर चालून जातं. घाटातल्या वळणावर समोरून एसटी आली, तुम्ही पाय टेकलात आणि परत निघायचंय, तेव्हा तो अर्धा सेकंद फार मोठा असतो. सायकल मागे घसरते, मग मोटर एकदम ढकलते आणि हँडल भलतीकडे वळतं.

महागड्या सायकलीत पायडलवर किती जोर पडतोय ते मोजणारा सेन्सर असतो. तुम्ही जास्त दाबलंत तर ती जास्त मदत करते, सैल सोडलंत तर तीही सैल. जड हातगाडी ओढताना मागून समजूतदार माणूस ढकलत असावा, तसं. पहिल्या प्रकारातला मागचा माणूस डोळे मिटून ढकलतो, एवढं ध्यानात ठेवलं की पुरे.

मोटर कुठे बसवली आहे तेही बघा. मागच्या चाकात असेल तर ती चाकाच्या वेगाशी बांधलेली असते, तिला सायकलच्या गिअरचा फायदा मिळत नाही. चढावर चाक हळू, म्हणजे मोटरही हळू, आणि हळू फिरणारी मोटर जोर काढताना वीज कामापेक्षा उष्णतेत घालवते. पायडलजवळ बसवलेली मोटर चेनवर जोर देते, त्यामुळे तुम्ही हलका गिअर टाकला की तिचंही काम हलकं होतं. पण चाकातली मोटर असेल तर पन्हाळा होत नाही, असं समजू नका. होतो. फक्त हलक्या गिअरमध्ये पाय भराभर फिरवत ठेवायचे, चाल सात-आठच्या खाली जाऊ द्यायची नाही आणि मध्ये एकदा थांबून मोटरला हात लावून बघायचं.

हे शहाणपण मी फुकट शिकलेलो नाही. पहिल्यांदा गेलो तेव्हा भाड्याची सायकल होती, पडद्यावर बॅटरीच्या पाच रेघा भरलेल्या. मी रुबाबात सगळ्यात जास्त मदतीवर ठेवून निघालो. वाघबीळ सोडून चढ सुरू झाला तेव्हा तीन रेघा होत्या. दोन वळणांत एक झाली आणि तिसऱ्या वळणावर पडदाच विझला. वैतागून कठड्यावर बसलो, दहा मिनिटांनी बटण दाबलं तर परत दोन रेघा! मला वाटलं सायकल बिघडली. खरा प्रकार असा, की बॅटरीकडून एकदम जास्त करंट ओढला की तिचा व्होल्टेज तात्पुरता खाली बसतो, आणि ती जुनी असेल तर फारच बसतो. रेघा दाखवणारा पडदा व्होल्टेज बघूनच अंदाज बांधत असतो. शिवाय बॅटरीतलं रक्षक सर्किट ठरावीक पातळीखाली गेलं की सेलना इजा नको म्हणून वीज तोडतं. विश्रांती मिळाली की व्होल्टेज थोडा वर येतो. ती परत दिसणारी रेघ म्हणजे उसनी मिरवणूक, तिच्या भरवशावर चढ घेऊ नये. त्या दिवशी उरलेला घाट मी पंचवीस किलोची सायकल ढकलत चढलो. वरून उतरणाऱ्या वडापच्या जीपवाल्याने काच खाली करून "भावा, पेट्रोल संपलं काय?" असं विचारलं ते वेगळंच.

बरोबर नेणारा माणूस काय करतो

मार्गदर्शकासह सहल म्हटलं की लोकांना झेंडी हातात धरून पाठांतर म्हणणारा माणूस आठवतो. ई-सायकलच्या सहलीत त्याचं खरं काम गडावर पोचायच्या कितीतरी आधी सुरू होतं.

पहिलं काम चाल बांधणं. माझ्या एका गटात विशीतला भाचा होता आणि साठी ओलांडलेले त्याचेच आजोबा. भाचा सहज १८० वॉट देणारा, आजोबा ६०. साध्या सायकलवर त्यांच्या वेगात तिपटीचा फरक पडला असता आणि भाचा गडावर झुणका-भाकर खाऊन झोपेपर्यंत आजोबा घाटातच राहिले असते. आम्ही आजोबांची मदत वरच्या पायरीवर ठेवली, दीडशे वॉटच्या आसपास. भाच्याची सगळ्यात खालच्या. बेरीज दोघांची जवळपास सारखी, सव्वादोनशेच्या आतबाहेर. दोघं गप्पा मारत वर आले. माझ्या मते मोटरचा सगळ्यात मोठा उपयोग हाच आहे. दमणाऱ्याला ती वर नेते ते ठीकच, पण एका घरातल्या तीन पिढ्यांना एका चालीवर आणते आणि सगळ्यांच्या अंगात ऐकण्याइतका श्वास शिल्लक ठेवते. धापा टाकत गड चढलेल्या माणसाला तट दाखवला तर तो आधी सावली शोधतो.

दुसरं काम शिदोरीचं. कोणाची बॅटरी किती उरली हे त्याने प्रत्येक थांब्यावर विचारायचं आणि एक जादा बॅटरी आपल्या पाठीवर ठेवायची. गट आठांच्या पुढे गेला तर शेवटाला आणखी एक माणूस हवा, जो कोणालाच मागे टाकत नाही. ट्यूब, पंप, चेनची कडी, ब्रेकचे पॅड हे सामान हवंच. चाकात मोटर असलेल्या सायकलीचं मागचं चाक काढायला नट सोडवायला लागतात, वायर सुटी करायला लागते. हा पाना नसेल तर साधं पंक्चर तास खातं. सहल ठरवताना "पाना आहे का?" एवढं विचारा. समोरचा माणूस कसलेला आहे की नाही ते उत्तरावरून कळतं.

वाट सांगायची तर शिवाजी पूल ओलांडून रत्नागिरी रस्ता धरायचा, केर्ली, मग वाघबीळला पन्हाळ्याकडे वळायचं. केर्लीतून जोतिबाला फाटा फुटतो. वाटेत हंगामात गुऱ्हाळं लागतात. ताजा गूळ आणि शेंगदाणे यांच्यासारखं सायकलस्वाराचं दुसरं खाणं मला तरी सापडलेलं नाही. पण हाच गळिताचा हंगाम उसाच्या दोन-दोन ट्रॉल्या जोडलेल्या ट्रॅक्टरांचाही असतो, आणि त्यांना शेजारून सायकल चाललीये हे दिसत नाही. म्हणून पहाटे उजाडताच निघायचं. रविवार आणि पौर्णिमा टाळायची, जोतिबाची गर्दी असते. चैत्र यात्रेच्या दिवसांत तर या रस्त्यावर सासनकाठ्या, गुलाल आणि "चांगभलं" यांचंच राज्य. तेव्हा सायकल घरी ठेवून चालत जाण्यात जास्त मजा आहे. पावसाळ्यात रेडेडोह फुटला का याची चौकशी करूनच निघावं, कारण तो फुटला की पंचगंगेचं पाणी पन्हाळा रस्त्यावर येतं आणि पुराच्या पाण्यात ई-सायकल घालणं म्हणजे बॅटरीशी वैर. शिंतोड्यांची तिला भीती नसते, बुडण्याची असते. जुलै २०२१ च्या पावसात तर गडावर जाणारा रस्ताच खचला होता. या डोंगराच्या अंगावरचा रस्ता कायमचा म्हणून गृहीत धरायची सोय नाही.

गडावर

पन्हाळा शिलाहार राजा दुसरा भोज याने बाराव्या शतकाच्या अखेरीस बांधला. त्याचा घेर सात किलोमीटरच्या पुढे आहे. चालत सगळा बघायचा तर दिवस मोडतो. चारचाकीतून बघायचा तर वाहनतळावरून वाहनतळावर एवढाच दिसतो. सायकलची चाल घोड्याच्या दुडक्या चालीच्या जवळपास, आणि हा गड घोड्याच्या आणि पायांच्या मापाने बांधलेला आहे. म्हणून सायकलवर त्याची आखणी अंगाला कळते: इथे चढ का ठेवला, इथे वळण का दिलं.

चढून येताना पहिल्यांदा लागतात ते 'चार दरवाजा' या प्रवेशद्वाराचे अवशेष. १८४४ मध्ये कोल्हापूर संस्थानात गडकऱ्यांनी इंग्रजांविरुद्ध उठाव केला, तेव्हा पन्हाळाही त्यात होता. उठाव मोडल्यावर इंग्रजांनी हा दरवाजा पाडला. आज आपण ज्या रस्त्याने सहज आत जातो, तो एके काळी सहज नव्हता, हे इथे थांबल्याशिवाय लक्षात येत नाही. मोटारीत बसलेले बहुतेक जण इथे कराची पावती घेण्यात गुंतलेले असतात.

मग अंबरखाना. गंगा, यमुना, सरस्वती अशी तीन धान्याची कोठारं. गंगा सगळ्यात मोठी, सुमारे ३५ फूट उंच. तिची क्षमता २५ हजार खंडी सांगितली जाते. बाहेरच्या जिन्याने छपरावर जायचं आणि वरच्या झरोक्यांतून धान्य आत ओतायचं, अशी रचना. मी बॅटरीचा हिशोब मुद्दाम इथे सांगतो. २ मार्च १६६० ला सिद्दी जौहरने पन्हाळ्याला वेढा घातला. शिवाजी महाराज आत. तो वेढा चार महिन्यांहून जास्त चालला. वर चढवून ठेवलेलं धान्य आणि पाणी जेवढं, तेवढाच गडाचा दम. खालून काही येणार नाही. तुमच्या सायकलीच्या दांड्यावरची बॅटरी हा तुमचा अंबरखाना, असं म्हटलं की दहा वर्षांच्या पोरालाही वॉट-तास समजतो आणि वेढाही समजतो.

पाण्याचं उत्तर अंधार बावडीत आहे. नुसती विहीर नाही, तीन मजली इमारतच; सगळ्यात खाली पाणी, वर माणसं राहण्याची, पहारा ठेवण्याची जागा, आणि तटाबाहेर जायची वाट. शत्रूने पाण्यात विष कालवू नये म्हणून पाण्यावरच वाडा बांधलेला. जवळच तीन दरवाजा: आदिलशाही काळातलं कोरीव काम, फारसी शिलालेख, आणि दोन दारांच्या मधला चौक, ज्यात शिरलेला शत्रू वरून माऱ्यात सापडतो. इथे सायकल बाहेर लावून चालत जा. मोटर नसलेल्या पायांनी त्या चौकात उभं राहिलं की वर बघावंसं वाटतं, आणि वर बघणं हेच त्या जागेचं म्हणणं आहे.

सज्जा कोठीवरून खालची दरी दिसते. शंभूराजांचं इथलं वास्तव्य सगळ्यांना ठाऊक आहे; महाराजांचं ३ एप्रिल १६८० ला रायगडावर निधन झालं तेव्हा ते पन्हाळ्यावरच होते. शेजारी दिसणारा डोंगर म्हणजे पावनगड. सिद्दीच्या वेढ्यात तोफा याच बाजूने डागल्या गेल्या, आणि राजापूरच्या इंग्रजांनीही त्याला तोफा-दारूगोळ्याची मदत केली होती. तो डोंगर पुन्हा शत्रूच्या हाती लागू नये म्हणून पुढे महाराजांनी त्यावर गड बांधला. १६७३ मध्ये कोंडाजी फर्जंदांनी साठ मावळ्यांनिशी एका रात्रीत पन्हाळा परत घेतला ती हकीकतही इथेच सांगावी, कारण ते ज्या उंचीला भिडले ती इथून डोळ्यांना दिसते आणि चारशे मीटर म्हणजे किती, ते तुमच्या पोटऱ्यांना सकाळीच कळलेलं असतं.

राजदिंडी या छोट्या दरवाज्यापाशी मात्र सायकलचं काम संपतं. १२ जुलै १६६० च्या पावसाळी रात्री महाराज इथूनच उतरले. शिवा काशीद त्यांच्या वेषात पालखीत बसून गेले ते परत आले नाहीत, आणि पुढे घोडखिंडीत बाजीप्रभू देशपांडे. "ई-सायकलवरून पावनखिंडीपर्यंत नेता का?" असं मला विचारणारे भेटतात. मसाई पठारावरून जाणारी ती वाट चिखलाची, ओढ्यांची आणि चालण्याची आहे. दर पावसाळ्यात शेकडो माणसं ती पायी करतात. तिथे मोटर नेण्यात मला काही अर्थ दिसत नाही.

एक नियम इथे ठणकावून सांगावा लागतो. पन्हाळा केंद्रीय पुरातत्त्व खात्याचं संरक्षित स्मारक आहे, आणि ११ जुलै २०२५ पासून युनेस्कोच्या जागतिक वारशातही आहे: 'भारतातील मराठा लष्करी भूप्रदेश' या नावाने बारा गडांची जी मालिका नोंदली गेली, त्यातला हा एक. संरक्षित वास्तूच्या भोवती १०० मीटरपर्यंत नव्या बांधकामाला मनाई आणि त्यापुढच्या २०० मीटरवर परवानगीची अट, असा कायदा आहे. त्यामुळे "चार्जिंगचे खांब तटालाच का लावत नाहीत?" या प्रश्नाचं उत्तर आपोआप मिळतं. चार्जिंग करायचंच तर गावातल्या खाणावळीत, विचारून, चार पैसे देऊन. पन्हाळा हे राहतं गाव आहे. शाळा आहे, नगरपरिषद आहे, दारात वाळवण घातलेल्या बायका आहेत. तटावर सायकल चढवून रील काढणाऱ्यांना मी एकदाच सांगतो, दुसऱ्यांदा त्यांची सायकल परत घेतो.

उतार फसवतो

चढाची भीती सगळ्यांना असते, अपघात उतारावर होतात. वर चढताना साठवलेले ते ३ लाख ९२ हजार जूल उतरताना कुठेतरी जायलाच हवेत. काही वाऱ्यात जातात, उरलेले ब्रेकमध्ये. तेवढ्या उष्णतेत सव्वा लिटर थंड पाणी उकळतं, दहा-बारा जणांचा चहा होतो. सायकलच्या ब्रेकची तबकडी हाताच्या पंजाएवढी. उतारभर ब्रेक हलका दाबून ठेवलात तर तबकडीला गार व्हायला उसंत मिळत नाही, पॅड तापून गुळगुळीत होतात आणि नेमक्या वळणावर ब्रेक हातात लोण्यासारखा लागतो. म्हणून सरळ रस्त्यावर सोडायचं, वळणाच्या आधी दोन्ही ब्रेक ठाम दाबायचे, पुन्हा सोडायचं. पुढचा ब्रेक जास्त काम करतो, पण वळणाच्या पोटात तो एकटा दाबायचा नाही.

"उतारावर बॅटरी चार्ज होत असेल की!" हे तर ठरलेलं वाक्य. बहुतेक सायकलींत होत नाही. पोटात स्वतःचे गिअर असलेल्या चाकातल्या मोटरीत आणि पायडलजवळच्या मोटरीतही एकाच दिशेने अडकणारा खटका असतो. पाय थांबले की चाक मोकळं फिरतं, मोटर फिरतच नाही, मग वीज कशी होणार? गिअर नसलेली, थेट चाकाला जोडलेली जड मोटर असेल तर थोडीफार वीज परत येते. पण सायकलच्या वजनाला आणि वेगाला ती कमाई किरकोळ, आणि त्या मोटरीचं वजन चढावर तुम्हीच वाहिलेलं असतं. असल्या सायकलीचा एक फायदा मात्र खरा: ब्रेकवरचा भार हलका होतो.

आणि २५ चा नियम उतारावर तुम्हाला वाचवत नाही. तो मोटर बंद करतो, सायकल नाही. पंचवीस किलोची सायकल आणि वर तुम्ही, पन्नासच्या वेगाने सुटायला दोन वळणं पुरतात. हेल्मेटची सक्ती नसली तरी माझ्या गटात हेल्मेटशिवाय कोणी उतरत नाही. आजोबांनीही पटका काढून ते घातलं होतं, जरा कुरकुरत.

शिवाजी पुलावर परत येईपर्यंत दहा-अकरा वाजतात. बॅटरीत रेघ-दीड रेघ उरलेली असली म्हणजे हिशोब जमला. घरी गेल्यावर लोक सायकल लावतात आणि लगेच चार्जर खुपसतात, ते करू नका. लिथियमची बॅटरी तापलेली असताना चार्ज केली की तिचं आयुष्य झपाट्याने घटतं, आणि वाईट वेळ आलीच तर आगीचा धोकाही असतो. तिला सावलीत ठेवा, हात लावून बघा. आधी आंघोळ, मग तांबडा-पांढरा, मग वामकुक्षी. चार्जर संध्याकाळी, तुम्ही जागे असताना.